पडद्यावरचा पोरस आणि विसरलेले कठ

२७ नोव्हेंबर २०१७ रोजी सोनी वाहिनीवर ‘पोरस’ ही मालिका सुरू झाली. भारतीय दूरचित्रवाणीच्या इतिहासातील सर्वांत खर्चिक मालिका म्हणून तिचा मोठा गाजावाजा झाला होता. भव्य राजवाडे, जहाजे, हत्ती, संगणकाच्या साहाय्याने उभी केलेली नगरे यांनी सजलेली ही मालिका जवळपास वर्षभर चालली. पाठ्यपुस्तकात चार ओळींत आटोपला जाणारा एक भारतीय राजा घराघरांत पोहोचला, याचा आनंद असंख्य राष्ट्रप्रेमी कुटुंबांना झाला. तो स्वाभाविकच होता. ज्या देशातील मुलांना ‘जगज्जेता सिकंदर’ तोंडपाठ असतो, पण वितस्तेच्या तीरावर त्याची वाट अडवून उभा राहिलेला राजा मात्र ठाऊक नसतो, त्या देशात असे समाधान वाटणारच.

परंतु आनंदाचा पहिला भर ओसरल्यावर काही प्रश्न विचारणे हे इतिहासाचा अभिमान बाळगणाऱ्या समाजाचे कर्तव्य ठरते. पडद्यावर दिसला तो पुरू कोण होता? त्याच्या भोवतीचा समाज कोणता होता? सिकंदराशी लढणारा भारत म्हणजे एक राजा, त्याची माता, त्याचा मामा आणि त्याचे शत्रू एवढाच होता काय? या प्रश्नांची उत्तरे शोधू लागले की ध्यानात येते, की मालिकेने एका वीराला प्रकाशात आणताना त्याच्या मागे उभ्या असलेल्या सगळ्या प्राचीन भारताला अंधारात ढकलले. राष्ट्राच्या उगमाची कथा तिने राजवाड्याच्या अंतःपुरात कोंडली.

मामा-भाच्याचे भांडण

मालिकेतील पुरूची माता अनसूया ही तक्षशिलेच्या राजघराण्यातील कन्या आहे. तक्षशिलेचा राजा आंभी हा तिचा भाऊ, म्हणजे पुरूचा सख्खा मामा. जन्मतःच मातेपासून दुरावलेला पुरू ‘दस्यू’ म्हणवल्या जाणाऱ्या लोकांत वाढतो आणि पुढे आपले राजकुल परत मिळवतो. इकडे पुरू आणि तिकडे मॅसिडोनियात सिकंदर अशा दोन बालकांच्या कथा समांतर रंगवल्या आहेत. दोन्हीकडे मत्सर, विषप्रयोग, राण्यांची कारस्थाने आणि सिंहासनाचे वारस यांचीच रेलचेल आहे.

यातील एकाही गोष्टीला पुराव्याचा आधार नाही. पुरूच्या मातेचे नाव कोणत्याही प्राचीन साधनात नाही. त्याचे बालपण कोठे गेले हे कोणीही नोंदवलेले नाही. त्याचे ‘पुरू’ किंवा ‘पौरव’ हे नावसुद्धा ग्रीक ‘पोरोस’ या शब्दावरून विद्वानांनी ओळखून काढलेले आहे. त्याच्याविषयी जे काही कळते ते अरियन, प्लुटार्क, डायोडोरस, कर्टियस आणि जस्टिन या ग्रीक-रोमन लेखकांकडूनच. हे सर्व घटनेनंतर जवळपास तीनशे किंवा त्याहून अधिक वर्षांनी लिहीत होते. मात्र सिकंदराबरोबर आलेल्या माणसांची लेखने त्यांच्यापुढे होती.

कादंबरीकाराला किंवा पटकथाकाराला रिकाम्या जागा भरण्याचा अधिकार असतो, हे कोणीही मान्य करील. प्रश्न आहे तो त्या जागा कशाने भरल्या जातात याचा. आंभी आणि पुरू यांचे वैर खरे होते. वितस्तेच्या म्हणजे आजच्या झेलमच्या दोन तीरांवर दोन राज्ये होती. पश्चिमेकडील तक्षशिलेने शेजाऱ्याच्या द्वेषापायी परकीय आक्रमकाशी हातमिळवणी केली. सिकंदराने सिंधू ओलांडण्यापूर्वीच आंभीचे दूत त्याच्याकडे पोहोचले होते आणि वितस्तेवरील लढाईला जाताना तक्षशिलेचे पाच हजार सैनिक त्याच्या सेनेत होते. शेजाऱ्याचा सूड घेण्यासाठी परक्याला घरात घेण्याची ही प्रवृत्ती या देशाने पुढेही वारंवार भोगली. भारताच्या राजनीतीतील हा सर्वांत कटू धडा. मालिकेने त्याचे रूपांतर मामा-भाच्याच्या घरगुती भांडणात केले. जो राजकीय अपराध होता तो कौटुंबिक रुसवा झाला. सासू-सुनांच्या मालिकांतील स्वयंपाकघर केवळ उचलून राजवाड्यात नेऊन ठेवले गेले.

पुराव्यातला पुरू लहान नाही

अशा मालिकांचे समर्थक एक युक्तिवाद नेहमी करतात. परकीयांनी लिहिलेल्या इतिहासात भारतीयांचा पराक्रम दडपला गेला, म्हणून तो कल्पनेने वाढवून सांगावा लागतो, असे ते म्हणतात. हा युक्तिवाद वरवर स्वाभिमानाचा वाटतो. प्रत्यक्षात तो न्यूनगंडातून आलेला आहे. कारण पुराव्यात उभा असलेला पुरू मुळीच लहान नाही.

इ. स. पू. ३२६. पावसाने फुगलेली वितस्ता. पलीकडच्या तीरावर पुरूची सेना. अरियनच्या म्हणण्याप्रमाणे रणांगणावर पुरूकडे तीस हजार पायदळ, चार हजार घोडदळ, तीनशे रथ आणि दोनशे हत्ती होते. इतर लेखकांचे आकडे वेगळे आहेत. जगातील त्या काळची सर्वांत अनुभवी सेना समोर असताना तिला सरळ नदी ओलांडता आली नाही. रात्रीच्या वादळात, छावणीपासून कित्येक कोस वरच्या बाजूला जाऊन, सिकंदराला चोरवाटेने नदी पार करावी लागली. चिखलात रथ रुतले. भारतीय धनुर्धराचे धनुष्य जवळजवळ पुरुषभर उंच असे. ते जमिनीवर टेकवून ओढावे लागे, आणि निसरड्या भूमीवर ते टेकेना. पुरूचे पुत्र रणात पडले. स्वतः राजा मात्र जखमी होईपर्यंत हत्तीवरून लढत राहिला. इराणचा सम्राट दारयवहू ज्याच्यासमोरून दोनदा रण सोडून गेला, त्याच्यासमोर हा एका छोट्या प्रदेशाचा राजा शेवटपर्यंत उभा होता, याची नोंद स्वतः अरियनने कौतुकाने केली आहे.

लढाई सिकंदराने जिंकली, याबाबत उपलब्ध प्राचीन लेखकांत दुमत नाही. ‘पोरसने सिकंदराला हरवले’ असे भाषणांतून आणि भ्रमणध्वनीवरच्या संदेशांतून ठोकून देणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे. परंतु त्याच प्राचीन लेखकांपैकी प्लुटार्क हेही सांगतो, की पुरूशी झालेल्या लढाईने मॅसिडोनियन सैनिकांची धार बोथट झाली. वीस हजार पायदळ आणि दोन हजार घोडदळाच्या शत्रूला हरवताना एवढे कष्ट पडले, तर गंगेपलीकडच्या प्रचंड सेनेशी काय होईल, या विचाराने ते विपाशेच्या म्हणजे बियासच्या तीरावर अडून बसले. जगज्जेत्याला परत फिरावे लागले. शत्रुपक्षाच्या लेखणीतून मिळालेले यापेक्षा मोठे प्रशस्तिपत्र कोणते हवे? ज्या समाजाकडे अस्सल नाणे आहे, त्याने बनावट नाणे का पाडावे? बनावट नाणे एकदा पकडले गेले की त्याच्या शेजारचे अस्सल नाणेही संशयाच्या नजरेने पाहिले जाते, हा व्यवहार बाजारातल्या साध्या दुकानदारालाही कळतो.

सांगल नगराची राख

मालिकेचा याहून मोठा दोष तिने काय दाखवले यात नसून काय वगळले यात आहे. सिकंदराशी लढलेला भारत राजांचा कमी आणि लोकांचा अधिक होता. मस्सगेच्या अश्वकांपासून सिंधच्या ब्राह्मणांपर्यंत पावलोपावली या लोकांनी त्याला रक्त सांडायला लावले. मस्सगेत करार करून बाहेर पडलेल्या भारतीय योद्ध्यांना सिकंदराने कापून काढले. त्याच्या योद्धा म्हणून असलेल्या कीर्तीवरील हा डाग आहे, असे त्याचा चरित्रकार प्लुटार्क स्वतः लिहितो. स्वतंत्र लोकांना उठावासाठी चिथावणाऱ्या तत्त्वज्ञांना फासावर लटकवल्याची नोंदही त्याचीच आहे.

यांत सर्वांत हृदयद्रावक कहाणी आहे ती कठांची. इरावतीच्या म्हणजे रावीच्या पलीकडे सांगल नावाचे त्यांचे नगर होते. ग्रीक लेखक त्यांची गणना ‘स्वतंत्र भारतीय’ लोकांत करतात. कठोपनिषदाला ज्या कठ शाखेचे नाव मिळाले तिच्याशी या लोकांचा संबंध काही विद्वान जोडतात. सिकंदर येण्याच्या थोडेच आधी खुद्द पुरूने आणि अभिसारच्या राजाने त्यांच्यावर स्वारी केली होती आणि हात हलवत परत फिरले होते. असे हे लोक. सिकंदर आला तेव्हा नगरासमोरच्या टेकडीभोवती त्यांनी गाड्यांची तिहेरी तटबंदी केली आणि गाड्यांवर उभे राहून ते लढले. तटबंदी मोडल्यावर ते नगरात शिरले आणि तेथूनही लढले. अरियनच्या आकड्यांनुसार सतरा हजार कठ मारले गेले, सत्तर हजारांहून अधिक बंदी झाले. सिकंदराच्या बाजूचे बाराशेहून अधिक जखमी झाले. त्यांत त्याचा अंगरक्षक लिसिमाकसही होता. यानंतर सांगल नगर जमीनदोस्त करण्यात आले.

आणि या वेढ्यात सिकंदराच्या मदतीला उरलेले हत्ती व पाच हजार भारतीय सैनिक घेऊन कोण आले होते? पुरू. शरण आलेल्या नगरांत पहारे बसवण्याचे कामही त्याच्याकडेच सोपवले गेले.

हे वाचताना कोणाही राष्ट्रप्रेमी माणसाला वेदना होते. ती व्हावी. पण वेदना होते म्हणून पान फाडून टाकता येत नाही. वितस्तेच्या तीरावरचा पुरू खरा आणि सांगलच्या वेशीबाहेरचा पुरूही खरा. एका दिवशी शौर्याची परिसीमा गाठणारा राजा दुसऱ्या दिवशी जेत्याचा मांडलिक म्हणून आपल्याच शेजाऱ्यांवर चालून जातो, हे राजेशाहीच्या मर्यादेचे दर्शन आहे. राजा वाकला की राज्य वाकते. कठांना मात्र एकाच वाकणाऱ्या मानेवर अवलंबून राहावे लागले नाही. ते नगरासह संपले. ज्या पडद्याला ‘राष्ट्रनायक’ शोधायचा होता, त्याला या सत्तर हजारांपैकी एकाचाही चेहरा दिसला नाही. ज्याच्या हत्तींनी त्यांच्या तटाला धडक देणाऱ्यांची पाठराखण केली, त्याच्यावर मात्र शेकडो भाग खर्ची पडले.

मालवांचा जयघोष

गणराज्यांची कथा सांगलच्या राखेत संपत नाही. परतीच्या वाटेवर सिकंदराची गाठ मालवांशी पडली. त्यांच्या एका गढीवर शिडी लावून तो आत उडी मारता झाला, आणि छातीत बाण घुसून मरता मरता वाचला. साऱ्या भारतीय मोहिमेत तो मृत्यूच्या इतका जवळ अन्यत्र कोठेही गेला नव्हता. मालव आणि त्यांचे शेजारी क्षुद्रक हे एरवी एकमेकांचे स्पर्धक; पण परचक्र येताच त्यांनी एकत्र येण्याचा निर्णय घेतला होता. व्याकरणकारांच्या ग्रंथांत ‘क्षौद्रकमालवी सेना’ हा प्रयोग आजही जपला गेला आहे. पतंजलीच्या महाभाष्यात क्षुद्रकांनी एकट्याने मिळवलेल्या विजयाचे उदाहरण येते. त्याआधी पाणिनीने वाहीक देशातील आयुधजीवी संघांसाठी स्वतंत्र सूत्र लिहिले. म्हणजे या लोकांची आठवण भारताने राजवंशांच्या याद्यांत नव्हे, तर भाषेच्या नियमांत सांभाळली!

पुढे मालव पंजाबातून राजस्थानात आले. तेथील नगर या ठिकाणी त्यांची हजारो नाणी सापडली. त्यांवर राजाचे नाव नसून ‘मालवानां जयः’ असा साऱ्या गणाचा जयघोष कोरलेला आहे. पुढे ज्या प्रदेशात ते स्थिरावले त्याला माळवा हे नाव मिळाले. इ. स. पू. ५७ पासून मोजला जाणारा आणि आज विक्रम संवत म्हणून परिचित असलेला कालगणनेचा संवत प्राचीन शिलालेखांत मालवगणाच्या नावाने येतो. ज्या माळव्यात शिंदे-होळकरांनी मराठी दौलत उभी केली, जेथे इंदूर-उज्जैनच्या अनेक घरांत आजही मराठी बोलली जाते, त्या भूमीच्या नावात सिकंदराला जखमी करणाऱ्या लोकांची स्मृती आहे. हे किती मराठी मुलांना ठाऊक आहे?

ही गणराज्ये आजच्या अर्थाने लोकशाही नव्हती. सत्ता कुलप्रमुखांच्या सभेत असे, सर्वांच्या हाती नव्हे. तरीही सभेत बसून, मते घेऊन, एकत्र निर्णय करण्याची ही परंपरा या भूमीतील आहे, हे काशीप्रसाद जायसवाल यांनी १९२४ मध्ये ‘हिंदू पॉलिटी’ या ग्रंथातून साधार मांडले. स्वातंत्र्यवीर सावरकरांनीही भारतीय इतिहासाच्या पहिल्या सोनेरी पानात या गणराज्यांच्या झुंजीला सन्मानाने स्थान दिले. म्हणजे वाट दाखवणारे पूर्वसूरी होते. दूरचित्रवाणीने मात्र त्या वाटेने जाण्याचे कष्ट घेतले नाहीत. कारण उघड आहे. रोज वीस मिनिटे प्रेक्षकाला खिळवून ठेवायचे तर एक नायक, एक खलनायक आणि प्रत्येक भागाच्या शेवटी एक धक्का हवा. सभेला चेहरा नसतो, गणाला अंतःपुर नसते. त्यामुळे जाहिरातदाराला त्यांचा उपयोग नसतो.

दस्यू कोण?

वगळण्याइतकेच गंभीर आहे चुकीचे नाव देणे. ‘पोरस’मध्ये पुरूला वाढवणाऱ्या लोकांना ‘दस्यू’ म्हटले आहे. दस्यू हा ऋग्वेदातील शब्द. तेथे तो प्रामुख्याने यज्ञ न करणाऱ्या, वेगळी व्रते पाळणाऱ्या शत्रूसाठी येतो. त्या शब्दाला एक जमात, एक वस्ती, एक पेहराव आणि एक रंग देऊन सिकंदरकालीन पंजाबात उभे केले, की प्रेक्षकाच्या मनात आपोआप काय ठसते? या देशात मुळात दोन मानववंश होते, एक राज्य करणारा आणि एक वेशीबाहेर राहणारा, हेच. वसाहतवादी पंडितांनी एकोणिसाव्या शतकात रुजवलेले आर्य-दस्यू वंशभेदाचे भूत एका ‘राष्ट्रभक्त’ मालिकेच्या खांद्यावर बसून पुन्हा घरात आले, आणि टाळ्या वाजवणाऱ्यांना त्याचा पत्ताही लागला नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४६ मध्ये शूद्रांच्या उगमाविषयीच्या ग्रंथात वैदिक साहित्याची छाननी करून आर्य हा वंश असल्याची आणि त्या वंशाने दास-दस्यूंना जिंकल्याची कल्पना नाकारली होती. पडद्यावरच्या लेखकांपर्यंत ती छाननी अद्याप पोहोचलेली दिसत नाही.

याच विषयाची दुसरी बाजूही प्रामाणिकपणे पाहिली पाहिजे. दूरदर्शनवर १९८८-८९ मध्ये श्याम बेनेगल यांची ५३ भागांची ‘भारत एक खोज’ ही मालिका दाखवली गेली. नासदीय सूक्ताने सुरू होणाऱ्या या मालिकेची निर्मितिमूल्ये आजच्या मालिकांना लाजवतील अशी होती. पण तिचा आधार होता पंडित नेहरूंचा १९४६ सालचा ग्रंथ. त्याच सुमारास मॉर्टिमर व्हीलर मोहेंजोदडोतील सांगाड्यांकडे बोट दाखवून इंद्राला हत्याकांडाचा आरोपी ठरवत होते. १९६४ मध्ये जॉर्ज डेल्स यांनी ते हत्याकांड मुळात घडलेच नसल्याचे दाखवून दिले. शोध पुढे जातो, पडदा मागे राहतो. आणि एका पिढीच्या मनात मागे राहिलेला पडदाच इतिहास म्हणून उरतो.

आजचे ज्ञान काय सांगते? पुण्याच्या डेक्कन महाविद्यालयाचे डॉ. वसंत शिंदे यांच्या नेतृत्वाखाली हरियाणातील राखीगढी येथे झालेल्या उत्खननातील एका स्त्रीच्या सांगाड्याचे जनुकीय विश्लेषण २०१९ मध्ये प्रसिद्ध झाले. सुमारे साडेचार हजार वर्षांपूर्वीच्या त्या स्त्रीत मध्य आशियाई गवताळ प्रदेशातील पशुपालकांचा अंश आढळला नाही. त्याच वेळी प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या मोठ्या अभ्यासाने इ. स. पू. २००० ते १५०० च्या दरम्यान तो अंश भारतीय लोकसंख्येत मिसळल्याचे दाखवले. शिंदे त्याही अभ्यासाचे एक सहलेखक आहेत. पहिला निष्कर्ष मिरवायचा आणि दुसरा लपवायचा, किंवा दुसरा मिरवून पहिला लपवायचा, हे दोन्ही अप्रामाणिकपणाचे आहे. लोक आले, मिसळले आणि या भूमीचे झाले. या राष्ट्राचा पाया रक्ताच्या शुद्धतेवर कधीच उभा नव्हता. तो संस्कृतीवर, संस्कारांवर आणि या भूमीविषयीच्या भक्तीवर उभा आहे. ज्यांची या पायावर श्रद्धा आहे, त्यांना जनुकशास्त्राची भीती वाटण्याचे कारण नाही.

जस्टिन नावाचा मौर्य राजपुत्र

‘पोरस’ हा अपवाद असता तर एवढी चर्चा अनावश्यक ठरली असती. २०१५ ते २०१६ या काळात कलर्स वाहिनीने ‘चक्रवर्ती अशोक सम्राट’ दाखवली. तीत किशोरवयीन अशोकाला साक्षात चाणक्य घडवतो. चंद्रगुप्ताचा राज्यारोहणकाळ इ. स. पू. ३२१ च्या सुमाराचा आणि अशोकाचा २६८ च्या सुमाराचा. चाणक्य बिंदुसाराच्या काळापर्यंत होता अशी परंपरा आहे. अशोकाचा गुरू तो होता, असे कोणतीच परंपरा सांगत नाही. राजवाड्यात कारस्थाने करणारी सेल्युकसची कन्या ‘हेलेना’ आहे. प्राचीन साधनांत सेल्युकस व चंद्रगुप्त यांच्यातील तह, विवाहसंबंधाचा करार आणि पाचशे हत्ती यांचा उल्लेख आहे. त्या स्त्रीचे नाव कोठेही नाही. तिच्या पुत्राचे नाव तर ‘जस्टिन’! ज्या रोमन लेखकाने चंद्रगुप्ताची हकिकत कित्येक शतकांनंतर लिहिली, त्याचे लॅटिन नाव पाटलिपुत्रातील राजपुत्राला चिकटवले गेले. याला अज्ञान म्हणावे की थट्टा?

आणि हे सर्व अशा सम्राटाविषयी, जो स्वतः दगडांवर बोलून गेला आहे. १८३७ मध्ये जेम्स प्रिन्सेपने ब्राह्मी लिपी उलगडली तेव्हापासून अशोकाचे शब्द जगापुढे आहेत. कलिंगात एक लक्ष माणसे मारली गेली, दीड लक्ष नेली गेली, हे तो तेराव्या शिलालेखात स्वतः कबूल करतो. त्याच लेखात तो अटवीतील वन्य लोकांना इशाराही देतो. आणि विशेष म्हणजे कलिंगातील धौली व जौगड येथील शिळांवर हा तेरावा लेख कोरलेलाच नाही. ज्यांची जखम ताजी होती त्यांच्यासमोर तो आकडा मांडला गेला नाही. राज्यकर्त्याच्या मनाचा यापेक्षा नाट्यमय प्रसंग कोणता पटकथाकार रचू शकेल? अशोकाच्या लेखांत रठिक, भोज, पितिनिक, आंध्र, पुलिंद अशा लोकांची नावे येतात. त्यांतील काहींत महाराष्ट्राच्या पूर्वजांचा शोध विद्वान घेतात. मुंबईच्या वेशीवरच्या सोपाऱ्यात १८८२ मध्ये भगवानलाल इंद्रजींना अशोकाच्या लेखाचा तुकडा सापडला. लोकलगाडीने जाता येईल इतक्या जवळ सम्राटाचे शब्द होते, आणि मालिका मात्र हेलेनाच्या कारस्थानात रमली.

पाटीची ढाल

या आक्षेपांवर वाहिन्यांचे उत्तर ठरलेले असते. ‘ही कथा काल्पनिक आहे’ अशी पाटी सुरुवातीला झळकते, की जबाबदारी संपली. या पाटीचा इतिहास राष्ट्रप्रेमी वाचकांना आठवत असेल. १९९० मध्ये भगवान गिडवाणी यांच्या कादंबरीवर आधारलेली टिपू सुलतानवरील मालिका दूरदर्शनवर आली, तेव्हा कादंबरीला इतिहास म्हणून खपवू नका, अशी मागणी झाली. प्रकरण न्यायालयापर्यंत गेले आणि मालिका काल्पनिक असल्याची पाटी दाखवावी लागली. ती मागणी रास्त होती. परंतु जे टिपूच्या बाबतीत रास्त, ते पुरूच्या आणि अशोकाच्या बाबतीत गैरलागू कसे? परपक्षाच्या असत्यावर तुटून पडायचे आणि स्वपक्षाला सुखावणाऱ्या असत्यावर मौन पाळायचे, याला सत्यनिष्ठा म्हणत नाहीत. शिवाय प्रेक्षक ती पाटी वाचत नाही. पाटी दोन क्षण टिकते, दृश्य जन्मभर टिकते.

अभ्यासपूर्ण मालिका चालत नाहीत, हाही बहाणा खोटा आहे. १९९१-९२ मध्ये डॉ. चंद्रप्रकाश द्विवेदी यांची ४७ भागांची ‘चाणक्य’ याच देशाने श्वास रोखून पाहिली. तिच्यातील भगव्या ध्वजांवर आणि जयघोषांवर त्या वेळी टीका झाली, तिच्या काही निष्कर्षांविषयी मतभेदही असू शकतात. परंतु अर्थशास्त्र, मुद्राराक्षस आणि बौद्ध-जैन परंपरा यांचा अभ्यास तिच्या संवादांत पदोपदी जाणवत होता. त्या मालिकेत राज्य म्हणजे काय, कर कशासाठी, गुरूचे कर्तव्य कोणते, यावर चर्चा होती. प्रेक्षकाला बालबुद्धी न मानताही लोकप्रिय होता येते, हे तिने सिद्ध केले.

कोरियाने काय केले?

उगमाच्या कथा पडद्यावर आणण्याचा प्रश्न एकट्या भारताचा नाही. चीनने २००२ मध्ये आपल्या ईशान्य सीमाप्रदेशाच्या इतिहासाचा एक सरकारी संशोधन प्रकल्प हाती घेतला आणि प्राचीन गोगुर्यो राज्य हे चीनच्याच प्रादेशिक सत्तेचा भाग असल्याची मांडणी केली. कोरियन लोक ज्याला आपल्या राष्ट्राच्या उगमांपैकी एक मानतात, तो शेजाऱ्याने आपल्या खात्यात जमा केला. दक्षिण कोरियात संतापाची लाट उसळली. २००६ मध्ये गोगुर्योच्या संस्थापकावरील ‘जुमोंग’ ही ८१ भागांची मालिका आली आणि प्रचंड गाजली. तिच्यातही कल्पनेची भर पुष्कळ होती. त्याबद्दल तिच्यावर टीकाही झाली.

पण कोरियाने राष्ट्राच्या उगमाचे रक्षण मालिकेवर सोपवले नाही. २००४ मध्येच त्याने गोगुर्योच्या अभ्यासासाठी स्वतंत्र प्रतिष्ठान स्थापन केले आणि २००६ मध्ये ईशान्य आशियाच्या इतिहासासाठी कायमस्वरूपी संस्था उभारली. चिनी दाव्याला नटाने नव्हे, अभ्यासकाने उत्तर दिले. भारतात नेमके उलटे घडते. मालिका निघाली की अभिमानाचे काम झाले असे मानून समाज निर्धास्त होतो, आणि नाणी, शिलालेख, उत्खनने यांच्या अभ्यासाकडे वळणारा तरुण मात्र विरळा.

अभिमानाची किंमत

म्हणून काही मागण्या आता ठामपणे व्हायला हव्यात. ऐतिहासिक म्हणवणाऱ्या प्रत्येक मालिकेने आपले इतिहास-सल्लागार कोण, हे ठळकपणे जाहीर करावे. पुराव्यातून आलेले काय आणि कल्पनेतून आलेले काय, हे दर आठवड्याला एका छोट्या निवेदनातून सांगावे. दूरदर्शन ही जनतेच्या पैशावर चालणारी संस्था आहे. तिने मालव, क्षुद्रक, कठ, लिच्छवी यांच्यावर, म्हणजे राजांवर नव्हे तर लोकांवर, मालिका निर्माण कराव्यात. शाळांनी आणि इतिहास मंडळांनी मालिका पाहून झाल्यावर मुलांना मूळ साधनांपर्यंत नेण्याचे काम अंगावर घ्यावे. आणि राष्ट्रप्रेमी प्रेक्षकांनी, खोटे दिसले की ते कोणाच्या बाजूचे आहे हे न पाहता वाहिनीला पत्र लिहिण्याची सवय लावून घ्यावी.

यात कोणाचा पाणउतारा करण्याचा हेतू नाही. पुरूचे नाव घरोघरी नेणाऱ्यांचे श्रम वाया गेले असेही नाही. पण ज्या मुलाने पडद्यावरून पुरू शिकला, त्याला उद्या महाविद्यालयात कोणी अरियनचे पान उघडून दाखवील, आणि त्याचा सारा अभिमान एका क्षणात कोसळेल. त्यानंतर तो खऱ्या पुरूवरही विश्वास ठेवणार नाही आणि कठांचे नावही कधी ऐकणार नाही. त्याला आजच दोन्ही सांगितले, वितस्तेचा तीरही आणि सांगलची राखही, तर त्या मुलाचा अभिमान कोणत्याही पुस्तकाच्या कोणत्याही पानासमोर उभा राहू शकेल. सत्तर हजार बंदिवान चालत गेले त्या वाटेवर कोणी स्मारक उभारलेले नाही. निदान त्यांची कथा सांगणारा पडदा तरी या देशाने उभारावा.